चौथ्या रिळातलं वाक्य

वेंगुर्ल्याच्या बंदराकडे तेव्हा पत्र्याची टॉकीज होती
आणि त्या कार्तिकात भुताचा एक पिक्चर आला.
चार दिवसांसाठी आला, तेरा दिवस राहिला.
खाऱ्या हवेनं फिल्म कुरतडलेली. चौथं रीळ
दर खेळाला एकाच जागी तुटायचं:
काळोखा जिना, दारावर तीन थापा,
आणि बाहेरून घोगरा आवाज,
"दार उघड, मी—"

पास्कू रॉड्रिग्ज, आमचा ऑपरेटर,
ब्लेडनं कापायचा, खरवडायचा, फुंकर मारून चिकटवायचा.
रोज बोटभर पट्टी कमी.
शेवटी "मी"नंतर थेट उजाडायला लागलं,
विहिरीवर बायका, कोंबडी, लख्ख ऊन.
तो कोण, हे गावाला कळलंच नाही.
लोक किंचाळायचे ते त्या फटीला.

मग ते वाक्य टॉकीजबाहेर पडलं.
संडासाच्या रांगेत, "दार उघड, मी—"
सोसायटीच्या सेक्रेटरीच्या केबिनवर, "दार उघड, मी—"
माडी पिऊन उशिरा आलेला बाबल सुतार
स्वतःच्याच गोठ्यावर थापा मारत,
आणि आतून म्हशीचं उत्तर.
आमच्या आवाठातली भागीरथ आजी तेवढी हसायची नाही.
"रातच्या पयल्या हाकेक ओ देव नये," म्हणायची,
"भूत एकदाच हाक मारता.
माणूस तिसऱ्यांदा मारता."

लवू गिरपनं तो पिक्चर सात वेळा पाहिला.
होडी वाळूत ओढून, जाळं खांद्यावर,
रात्री घरी पोचला की तीन थापा.
"दार उघड, मी—"
आणि शेवंती आतून, चुलीपाशी बसूनच,
"मेलंस काय?"
"मेलंय!"
"मग हातपाय धुवन ये."
शेजारपाजार हे ऐकत झोपी जायचा.

मी बारा वर्षांचा. पास्कूकडे रिळं गुंडाळायचो,
तीन आणे आणि फुकट काळोख.
त्या दिवशी वारा फिरला होता हे मला ठाऊक नव्हतं.
मी केबिनमध्ये होतो. केबिनमध्ये वारा फिरत नाही.
रात्री घरी जाताना गिरपांच्या दारात
कंदील दिसला, आणि मला आवाज काढायची हुक्की आली.
लवूचा आवाज मला बेमालूम जमायचा.

तीन थापा.
"दार उघड, मी—"

आतून काहीच आलं नाही.
मग दार इतक्या जोरानं उघडलं
की कंदील विझला.

ती माझ्या डोक्यावरून पलीकडे बघत होती,
बराच वेळ. मागे फक्त माड आणि समुद्राचा आवाज.
मग म्हणाली, "इलंस? बस. जेव."
पेजेचा भात, सुंगटाची कढी, निवलेली.
ताट मोठं होतं, माझ्या मापाचं नव्हे.
मी सगळं जेवलो. रडूही आलं नाही, इतका घाबरलो होतो.
तिनं विचारलं फक्त, "मीठ बरोबर आसा?"

तीन होड्या परत आल्या. ती चौथी होती.

परवा नातवानं तो पिक्चर फोनवर शोधून दिला.
स्वच्छ प्रत, एकही ओरखडा नाही.
जिना आला, थापा आल्या,
आणि बाहेरच्या माणसानं वाक्य पुरं केलं:
"दार उघड, मी दादा."
बस, एवढंच. मोठा भाऊ, शहरातून उशिराच्या गाडीनं आलेला.
नातू म्हणाला, "यात घाबरण्यासारखं काय होतं?"
मी चष्मा पुसला.

दोन नोव्हेंबरला, मेलेल्यांच्या दिवशी,
कंपाउंडवॉलच्या आतल्या त्या उतरणीवर
पास्कूच्या क्रुसापाशी मी मेणबत्ती लावतो.
हिंदू माणूस, पण ऑपरेटर माझा तोच.
यंदा त्याला सांगणार होतो, दादा निघाला रे तो.
नाही सांगितलं.
कापलेल्या पट्ट्या तो शर्टाच्या खिशात ठेवायचा,
त्याच शर्टात पुरलाय त्याला.

येताना गिरपांच्या घरावरून आलो.
शेवंतीकाकी आता ऐंशीची. ऐकू कमी येतं.
दाराला आतून कडी नाही,
चौकटीत फक्त चार स्क्रूंची भोकं,
त्या वर्षीची, आणि त्यांत मुंग्या.