दोन ते चार

सीवूड्स, टॉवरचं गेट नंबर दोन.
केबिनमध्ये एक खुर्ची, एक पाय वायरीनं बांधलेला,
आणि वही: नाव, कुणाकडे, गाडी नंबर, वेळ.
आमदारसाहेबांची वेळ आम्ही लिहीत नाही.
काळी काच येते, दांडी वर जाते,
दांडी खाली येते.

यंदा वरून निघालं,
कायदे करणाऱ्यांनी चार दिवस फौजेत राहून यावं.
बारा जण गेले. आमचे साहेब त्यात.
परतायच्या आधीच पाम बीचच्या सिग्नलला बॅनर:
पांढरा कोट, गॉगल, मागं बर्फ,
हातमोजा काढून दाखवलेला अंगठा.
मी खाली उभा राहून म्हणालो,
मोजा घाल रं बाबा.
सतरा वर्षं झाली सुटून,
माझ्या डाव्या करंगळीला एक पेर कमी आहे.

काल रात्री तीन चाळीसला
लिफ्टमधून उतरून आले,
एप्रिलच्या उकाड्यात सत्काराची शाल पांघरून.
ओठ फुटलेले, नाकाचं साल गेलेलं.
"फडतरे ना तुम्ही?"
छातीवरची पट्टी वाचली. सहा वर्षांत पहिल्यांदा.
"कुठं होता?"
जागा सांगितली. त्यांनी मान हलवली,
जागा माहीत असल्यासारखी नाही,
थंडी माहीत असल्यासारखी.

मग खाडीकडं बघत बोलले.
तिथं अंधारात फ्लेमिंगो एका पायावर झोपतात म्हणे.
मला इथून फक्त चिखलाचा वास येतो.

"तिसऱ्या रात्री पहाऱ्यावर उभा राहिलो, दोन ते चार.
माझ्याच हट्टानं. शेजारी एक पोरगा, विशीतला,
मिसरूड बर्फानं पांढरी.
पहिली दहा मिनिटं मी प्रश्न विचारले.
मग तोंड उघडेना. मग पाय माझे राहिले नाहीत.
सुभेदार येऊन म्हणाला, साहेब, चला आत, आपलं झालं.
मी गेलो हो, फडतरे.
चाळीस मिनिटांत.
पोरगा तसाच. वळूनसुद्धा बघितलं नाही त्यानं.
सकाळी फोटोला नव्हता, झोपला होता.
नाव विचारायचं राहिलं."

अशा वेळी 'होतं असं कधीकधी' म्हणायची रीत आहे.
मी म्हणालो नाही.
खुर्ची पुढं केली,
बांधलेला पाय भिंतीच्या बाजूला करून.

"तुमची बदली कधी येते?"
"सकाळी आठला. संध्याकाळी आठपासून मी."
"बारा तास? पण कायद्यानं तर..."
तिथंच थांबले.
"कायदा तुमच्याकडं, साहेब. माझ्याकडं शिट्टी."
हसले. ओठ उलला, रक्त आलं, शालीच्या जरीनं पुसलं.

मग दोघंही गप्प. डास होते.
दुधाची गाडी आली तेव्हा दांडी त्यांनीच उचलली,
जरा जास्तच जोर लावून.
ड्रायव्हरनं ओळखलं नाही,
"काका, नवीन का?" म्हणत निघून गेला.

चार पंधराला फोन वाजला.
बोलत बोलतच लिफ्टकडं गेले,
शाल खुर्चीवर राहिली.

वही उघडली. नाव लिहिलं.
'कुणाकडे' हा रकाना मोकळा ठेवला.
तिथली चाळीस, इथली पस्तीस.
दोन तासांच्या ड्युटीतली
पंचेचाळीस मिनिटं बाकी.

शाल घडी घालून ठेवलीय.
स्वतः येतात न्यायला, की माणूस पाठवतात,
बघू.