सहाशे आठ नंबर

मोनाली तिमांडे पहिल्यांदा दुकानात आली
ती चपलांच्या पिशवीत आठ चाकं घेऊन.
"मामा, फिरत नाहीत."
मी अंगठ्याने एक फिरवलं. कुरकुरलं.
आत सरकीचा भुगा, आणि आसाभोवती
कापसाचा तंतू असा गुंडाळलेला
की ब्लेडने कापावा लागला.

वडनेर फाट्यावर मी मोटारपंप उघडतो, पंखे उघडतो.
बेअरिंग मला कळते. हॉकी नाही.
सहाशे आठ नंबर, सोळा नग,
रॉकेलच्या वाटीत रात्रभर,
सकाळी तेलाचा एकेक थेंब. पैसे नंतर.

खेळ चालायचा जिनिंगच्या आवारात,
जिथे दिवाळीपासून होळीपर्यंत कापसाच्या गंज्या
आणि मग नुसतं सिमेंट, एकरभर.
उन्हाळ्यात पहाटे पाचला. आठनंतर पडलं
तर गुडघा सोलायच्या आधी भाजायचा.
गोलला दोन तेलाचे डबे.
चकती हरवली तेव्हा
मशीनच्या जुन्या पट्ट्यातून मीच गोल कापून दिली.
वॉचमन कोडापे खुर्ची टाकून बसायचा;
शिट्टी त्याच्याकडे होतीच.

बर्फावर खेळायचंय म्हणाली तेव्हा
मला वाटलं, हिंगणघाटच्या बर्फ फॅक्टरीचं बोलते.
लडाख, म्हणाली. जानेवारीत.
जानेवारीत आमच्या त्या सिमेंटवर
पांढरंच पांढरं असतं,
पण त्यावर घसरता येत नाही, बुडता येतं.
बुटांची चाकं उतरवून तिने
नागपूरहून खाली पाती बसवून आणली.
मी उलटंसुलटं पाहिलं. यात बेअरिंग कुठे?
"पात्याखाली पाणी सुटतं मामा. तेच तेल."

लेहवरून फोन, धापा टाकत:
"वेग येतो. थांबता येत नाही."
चाकांवर थांबायचं म्हणजे वळत वळत,
बंडी अंगणात घ्यावी तसं.
तिथे दोन्ही पाय आडवे टाकायचे
आणि बर्फ खरवडत जायचं, खर्रर्र.
अकरा दिवस ती फळ्यांवर आदळून थांबली.
बाराव्या दिवशी फोन आला नाही.

पुढे सहा वर्षं धार मीच लावली.
विळ्यासारखी नाही ती: मधोमध खोबण,
दोन्ही कडा धारदार.
दोन जोड बिघडवले, मग हात बसला.
कुणी विचारलं तर सांगायचो,
बर्फाची सोंगणी चालू आहे.

करिअर म्हणाल तर एवढं:
देशाच्या जर्सीत एकदा, परदेशात, तिसऱ्या फळीत,
तीन सामने मिळून अकरा मिनिटं.
एक गोल तिच्या काठीला लागून गेला,
नोंद दुसरीच्या नावावर झाली.
मग गुडघा. मग तोच गुडघा परत.
मग पंचायत समितीत कंत्राटी डाटा एंट्री.

परवा आली. तेच बूट, तशीच पिशवी.
"पाती काढा. चाकं लावा."
मी विचारलं नाही काही, पाना शोधत राहिलो.
रिपिटा सुटेनात. कुठल्या कुठल्या बर्फाचं पाणी
मुरून गंजलेलं,
आणि बाहेर पारा पंचेचाळीसवर.
शेवटी छिन्नी लावली. तिने तोंड फिरवलं,
रस्त्यावरचा ट्रक बघत असल्यासारखं.

आता जिनिंगवर नऊ पोट्टे, चार पोट्ट्या.
कोडापे गेला, शिट्टी नातवाकडे.
पोरांना पहिल्या दिवसापासून सुसाट जायचंय.
ही पंधरा दिवस एकच शिकवते: थांबणं.
"कावून मॅडम? पडलो तं पडलो!"

ती बोलत नाही. पार गोदामापर्यंत मागे जाते,
तिथून येते, दुखरा गुडघा आत दाबून,
आणि चाकांवर करू नये ते करते:
दोन्ही पाय आडवे.
चाकं ओरडतात. सिमेंटवर काळा पट्टा उमटतो,
हातभर लांब.
पोट्टे त्यावर बोट फिरवून पाहतात. गरम असतो.

संध्याकाळी सोळा बेअरिंगा माझ्या वाटीत.
मी ब्लेड घेतो, तंतू कापतो.