हिरवी फीत

बाप सावद्याच्या स्टेशनात केळीच्या वाघिणी भरायचा.
घड खांद्यावर यायच्या आत त्याचं ठरलेलं असे:
हा दिल्लीपर्यंत टिकेल,
हा भुसावळच्या बाजारात,
हा आजच, घरी.
मी म्हणायची, दाबून का नाही बघत?
दाबलं की डाग पडतो, बाई. नुसतं बघायचं.

आता चोपड्याच्या सरकारी दवाखान्यात
दाराशी माझं टेबल, त्यावर तीन रंगांच्या फिती.
चौथी खणात असते.
हिरवा आणि पिवळा मी बापाकडूनच शिकून आले होते,
लाल इथे शिकले.

मे महिना. रात्रीचे साडेनऊ, भिंती अजून तव्यासारख्या.
वरातीतून आलेला एक जण, कपाळाला रुमाल,
रुमालावर रक्त, मागे अकरा माणसं.
मी कोण आहे माहीत आहे का?
माहीत नाही. पण एवढं ओरडता येतंय
म्हणजे श्वास ठीक आहे, दादा.
पिवळी. बसा.
अकराही जण बसले नाहीत.

त्यांच्या पाठीमागे, पार शेवटी,
खुमसिंग पावरा उभा. वैजापूरकडून उतरलेला,
मोटारसायकलवर पोरगा पोटाशी फेट्याने बांधून.
रांग म्हणजे रांग, असं कुणीतरी त्याला शिकवलेलं.
तो काहीच बोलत नव्हता.
मला दिसले ते पोराचे केस,
कपाळाला चिकटलेले, ओले.
हात लावला. एवढ्या उन्हाळ्यात
मातीच्या माठासारखा गार.
विंचू? त्याने मान हलवली.
कधी? त्याने हाताने सूर्य दाखवला, डोक्यावरचा.
लाल. आत. धावत.

आम्ही आधी आलो होतो, कुणीतरी म्हणालं.
हो, आला होतात.
रेशनला, एसटीला, लग्नाच्या पंगतीला
हे अगदी खरं आहे.

बनाबाई कोळी तर पेशंटच नव्हती.
ती तापलेल्या सुनेला घेऊन आलेली,
कागदावर सुनेचंच नाव.
पदराने जबडा धरून बसली होती,
दात दुखत असल्यासारखी.
काय होतंय, आजी?
काही नही वं माय, जबडा दुखस जरासा.
आधी इले देख.
घाम हनुवटीवरून टपकत होता.
मी आधी तिलाच बघितलं.
पट्टी निघाली मशीनमधून, लांब, वाकडी,
आणि डॉक्टर खुर्ची ढकलून उठले.

हे सगळं मला जमतं असं समजू नका.
गेल्या वर्षी तिसऱ्या बाकावर एकाला
हिरवी बांधली होती. अ‍ॅसिडिटी, तो म्हणाला,
मलाही तसंच वाटलं.
नाव पुकारलं तेव्हा कुणी उठलं नाही.
दुसऱ्यांदा पुकारलं. शेजारचा माणूस म्हणाला,
झोप लागली वाटतं त्यांना.
बाप हे सांगायचा विसरला होता,
की हिरवं म्हणून वाघिणीत चढवलेलं
वाटेतही पिकतं.
तेव्हापासून दर अर्ध्या तासाने मी उठते,
बाकांवरून फिरते,
हिरव्यांना पुन्हा विचारते. ते वैतागतात.
वैतागले की मला बरं वाटतं.

त्या रात्री हिरव्यांत पुरुषोत्तम शिंपी होते,
अंगठ्यात मशीनची सुई आरपार.
पावणेदोनपर्यंत बसले.
चौथ्या फेरीला मीच ओशाळले:
काका, फार थांबवलं.
म्हणाले, कसायला, तुम्ही मला विसरल्यात
म्हणजे मी बरा आहे.
मग मनगटाकडे बघून,
पण या फितीला दुमड नाही. कडेने उसवतेय बघा.

पोरगा तिसऱ्या दिवशी घरी गेला.
बनाबाईला धुळ्याला पाठवलं,
पुढचं मला कळलं नाही, बहुतेकांचं कळत नाही.

पंधरा दिवसांनी टेबलावर एक पुडकं.
फिती, चारी बाजूंनी दुमडून शिवलेल्या,
थोड्या लाल, थोड्या पिवळ्या.
हिरव्या मोजायला गेले
आणि साठच्या पुढे सोडून दिलं.
काळी एकही नव्हती.
तो रंग दुकानात नसेल,
किंवा असेलही.