उनपी

चिनावलच्या शिवारात मी मोटारी बांधतो.
जळालेलं कॉईल, तांब्याची तार, वॉर्निशचा वास,
एवढंच माझं शिक्षण. तरी उनपीबद्दल
कॉलेजातल्या माणसापेक्षा मला थोडं जास्त ठाऊक आहे,
कारण ती स्टार्टरच्या पेटीत राहते
आणि पेटी मी उघडतो.

आकार हरभऱ्याच्या घाट्याएवढा.
पंख चार, पण उडताना तीनच हलतात;
चौथा ती उन्हासाठी राखून ठेवते, सुपासारखा.
सकाळी तिला रंग नसतो.
बारानंतर पोटात पिवळा दिवा चढत जातो,
चारला विटेसारखा लाल,
आणि मग तिच्यावर बोट ठेवायचं नाही.

खाणं म्हणजे झळ. केळीच्या बागेतली तिला चालत नाही,
ओलसर लागते. रुळांवरची आवडते,
भुसावळच्या यार्डातल्या पत्र्यांवरची,
उलट्या खापरावरची. मांडे करणाऱ्या बायांना विचारा,
मधेच एखादा मांडा कच्चा का राहतो.

वैशाखात त्या एवढं पितात
की संध्याकाळी उडवत नाही.
बांधाबांधानं, काळ्या मातीच्या भेगांतून
एकेकट्या सरपटत तापीकडे जातात
आणि डोहाच्या तळाशी गोटा हुडकून
त्याच्याखाली दिवसभराचं ऊन सांडतात.
सूर्याची लेक म्हणे ती नदी. माहेरचं कुणीतरी
रोज चिमूटभर घेऊन येतं, असं धरा.
अंडी तिथेच, गरम गोट्याखाली.
नर कोणता, मादी कोणती,
हे मला अजून कळलेलं नाही.

शत्रू कोतवाल पक्षी नाही. तो एकदाच खातो
आणि मग चोच पाण्यात बुडवून बसतो.
शत्रू म्हणजे आभाळ. तीन दिवस ढग राहिले
की पेटीत त्या मिरीसारख्या काळ्या पडतात.

भटू माझ्या हाताखाली, अमळनेरकडचा.
पहिल्याच दिवशी म्हणाला,
"ती ऊन पेस, रात्रे नदीले दी टाकस. तिले मारू नको."
म्हटलं, मारतो कोण?

त्याची सुपडी, सहा वर्षांची,
पौषात तापानं फणफणली. तीन दिवस.
फैजपूरचा डॉक्टर, सलाईन, मिठाच्या पाण्याच्या पट्ट्या.
बाहेर थंडी अशी, की भरिताची वांगी भाजून झाली तरी
माणसं काट्यांच्या जाळापासून उठत नव्हती.
त्या दिवसांत उनपी दिसत नाही. दिसू नये.
मध्यरात्री पोरीच्या कपाळावर एक बसलेली,
रिकाम्या पोटाची, काचेसारखी.
भटूनं हात उगारला. मग त्यालाच आठवलं.

दिवा मालवून पाहत बसलो.
पिवळी झाली. विटेची झाली. मग असा रंग,
जो मी एकदाच पाहिलाय, उडणाऱ्या फ्यूजमध्ये,
डोळे मिटायच्या आत.
पहाटे सुपडीनं पाणी मागितलं. मग शेव मागितली.

उनपी उशीवर पडली होती. जिवंत, पण जड.
काडेपेटी रिकामी करून तिला आत घातलं,
शर्टाच्या खिशात ठेवून सायकलवर निघालो.
निंभोऱ्याच्या फाटकावर मालगाडी आडवी.
अठ्ठावन्न डबे मोजले, आणि तिथेच खिसा जळाला.
आधी ऊब, मग वास, मग भोक.
खाली डांबरावर एक लालसर ठिपका,
तो रूळ ओलांडून, खडीतून,
दक्षिणेकडे सरकत गेला.

पोचली की नाही, ठाऊक नाही.
त्या पौषात एका डोहातून म्हशी उठेनात,
असं नथेखाँ तडवी सांगतो. पण तो काहीही सांगतो.

शर्ट आहे. भोक काडेपेटीएवढं नाही,
हरभऱ्याच्या घाट्याएवढं आहे.
बायको म्हणते, ठिगळ लावू.
मी म्हणतो, राहू दे, ते मोजमाप आहे.
वहीत चित्र काढायला मला जमत नाही.