रकाना

ओढणीने तोंड बांधून, मे महिन्यात,
तांडापेठेतली घरं मोजून होतात
आणि मी हुडकेश्वरला परत येते.
कूलरमध्ये दोन बादल्या ओतते,
चपला काढायच्या आधीच काचेच्या पेटीपाशी वाकते.

पेटीत मासा नाही. होता, मार्चमध्ये गेला.
त्याच्यासाठी मोमिनपुऱ्यातल्या अफरोजभाईंकडून
वीस रुपयांची वेल आणली होती,
तिला चिकटून ही आली.
एकच. मी नीट पाहिलं होतं.
गव्हाच्या दाण्याएवढी, शंख डावीकडे वळलेला,
पारदर्शक, चहाच्या रंगाचा.

आता एक्केचाळीस आहेत.

"पण नर कुठाय?" निमजेकाकूंनी विचारलं,
माझ्याबद्दल विचारतात त्याच सुरात.
मी अफरोजभाईंना विचारलं.
पिशवीला रबर गुंडाळता गुंडाळता ते म्हणाले,
"मॅडम, यायच्यात ती भानगडच नाही.
एकच दोन्ही असते.
जोडीदार भेटला तर बरंच.
नाही भेटला तर आपलं आपणच करून टाकते.
तशी पिल्लं जरा कमी टिकतात. पण होतात.
नको असतील तर अंडी खरवडून काढा,
फुटाळ्यात मात्र सोडू नका."

माझ्या फॉर्मवर लिंगासाठी एक चौकोन आहे.
त्यात एकच आकडा लिहायचा,
प्रशिक्षणात दोनदा सांगितलं होतं.

अंडी पानाच्या पोटाशी असतात.
साबुदाण्याच्या खिरीचा थेंब सांडून थिजावा तशी,
आत वीस-बावीस टिंबं.
फॉर्मवरची बारीक अक्षरं वाचायचं भिंग लावून बघते.
चौथ्या दिवशी टिंबांचे स्वल्पविराम होतात.
मग ते आतल्या आत गोल फिरायला लागतात,
आणि नीट श्वास रोखून पाहिलं तर
शंख पुरता व्हायच्या आधीच
काहीतरी धडधडत असतं.
पुस्तकात दहा दिवस दिलेत.
नागपूरचं पाणी; सातव्या दिवशीच बाहेर.

आज यमुनाबाई हेडाऊंचं घर होतं.
माग बंद, त्यावर मिरच्या वाळत घातलेल्या.
किती मुलं जन्मली?
"पाच."
त्यातली आज हयात किती?
बाईंनी पदराने घडवंचीवरची धूळ पुसली,
नसलेली.
"लिवा न. पाच."
त्यांच्या मागे, दाराच्या चौकटीत,
सुनेने हळूच तीन बोटं वर केली.
मी काय लिहिलं ते सांगणार नाही,
गोपनीयतेची शपथ घेतली आहे.
पाणी दिलं त्यांनी. माठातलं, वाळ्याचा वास असलेलं.
"तुमाले किती, मॅडम?"
मी म्हटलं, आजच्या घरांमध्ये अजून अकरा राहिलीत.

रात्री नऊला लाइट गेली.
मोबाइलच्या उजेडात मुदत संपलेलं लायब्ररीचं कार्ड घेतलं
आणि पानाखालच्या थेंबाला धार लावली.
कार्ड टेकवलं.
आत सगळे फिरतच होते,
आपापल्या खोलीत, उजेडाकडे पाठ करून किंवा तोंड करून,
कळायला मार्ग नव्हता.
कार्ड तसंच धरून
मी उगाच शाळेतल्या पटासारखं मोजत बसले,
एकवीस, बावीस, तो हलला, पुन्हा एकपासून.
बाहेर कुणाचा तरी इन्व्हर्टर कण्हत होता.
घामाने कार्ड बोटांतून सुटलं
आणि तळाशी जाऊन आडवं झालं.
राहू दे म्हटलं.

लाइट आली तेव्हा त्यावर दोन चढल्या होत्या,
माझ्या जुन्या फोटोवर,
गालापासून कपाळापर्यंत शेवाळ शोधत.

झोपण्याआधी परत मोजल्या. चाळीस.
काच पुसली, परत मोजल्या. चाळीसच.
लहानपणी आई कुणाहीबद्दल म्हणायची,
गोगलगाय, पोटात पाय,
आणि आम्ही त्या बाईपासून जपून राहायचो.
तिसऱ्यांदा खाली बसून, मान वाकडी करून पाहिलं,
तेव्हा एक्केचाळिसावी दिसली.
पाण्याच्या वरच्या पातळीला आतून उलटी लागून,
शंख खाली लोंबता ठेवून,
तिथे काही नाहीच अशा जागेवरून ती
पोटाने चालत निघाली होती.