दुपेड

मानस म्हणतो आम्ही खाजनाच्या दाराला.
पोथीत मानस म्हणजे मन असेल;
आमच्याकडे तिच्यातून कोळंबी येते
आणि वर्षाची पावणी भरावी लागते गावकारीला.

माझी मानस चोडणच्या बांधावर,
खाडी जिथे कोपर मोडते तिथे.
किंदळीच्या फळ्या. भरतीने आपणच मिटतात,
ओहोटीने आपणच उघडतात,
मी नुसता कान देऊन बसतो.
आत कोरगूट भात, कमरेइतकं.
बाहेर खारं पाणी, त्याचीच वाट बघत.

भादव्यातल्या अवसेला मात्र
भरती संपते आणि ओहोटी लागत नाही.
एक विडी विझेपर्यंतचा थांबा.
काळुंदर पाण्यात टांगल्यासारखी राहते,
आणि वेळ फाकते, केळीच्या सोपासारखी,
मधोमध, चिकट तंतू ओढत.
दुपेड पडली, म्हणतात जाणती माणसं
आणि दिवे मालवतात.
पितरांचीच अवस ती.
पण बांधावरून येतात ते पितर नव्हेत.

पावणीच्या वहीत एक कलम आहे,
कुणा मेलेल्या कारकुनाच्या तिरक्या अक्षरात:
दुपेडीत दोराला हात लावू नये,
लावल्यास दंड एक खंडी भात.
कुठल्या पेडातलं भात, ते लिहिलेलं नाही.

तो आला, बूट हातात घेऊन.
चालण्यावरून ओळखला:
डावा पाय जरा बाहेर टाकत, मी टाकतो तसाच.
केस माझ्याहून काळे. रंगवलेले असावेत.

त्या सकाळी बोटीच्या कंपनीचं पत्र खिशात होतं
आणि तिसऱ्या फळीतून पाणी झिरपत होतं.
मी चिखल-पेंढा घेऊन पाण्यात शिरलो;
फेरीबोट रायबंदरला टेकली, माझ्याशिवाय.
तो पाण्यात शिरला नाही.
एवढाच आमच्यातला फरक,
एक घमेलं चिखल.

मी विचारलं, कसा असतो रे समुद्र, आत, खूप आत?
म्हणाला, इंजिनाकडे होतो मी. एकवीस वर्षं.
खिडकी नसते तिथे.

मग गप्प. वाटलं, घर विचारील,
सुलोचन विचारील, जिला त्याने पाहिलेलंच नाही,
पोरं किती, कौलं बदलली का.
काहीच नाही. तो भाताकडे बघत उभा.
लोंबीवरून हात फिरवला,
एक दाणा दातांत फोडला, कच्चाच.
"तिकडे बांध त्याच आठवड्यात गेला," म्हणाला.
"आता सगळी खारफुटी. बगळे असतात.
बाबा शेवटपर्यंत व्हरांड्यात बसायचे,
खुर्ची उलटी फिरवून, शेताकडे पाठ करून."

माझे बाबा गेले त्या दिवशी
पेज जेवून गेले, याच भाताची.
लोणचं मागून घेतलं होतं दुसऱ्यांदा.
ते मी सांगितलं नाही.

"एकदा दोर ओढू?"

विडी अर्धी उरली होती.
एक खंडी भात म्हणजे माझं सहा महिन्यांचं पोट.
मी पाठ फिरवली,
त्या दुसऱ्या बाबांसारखी.

ओढल्याचा आवाज आलाच नाही.
पाणी हललं. काळुंदर निघून गेली.
फळ्या करकरल्या, रोजच्यासारख्या.
बांधावर भोकाचं एक परदेशी नाणं,
आणि दोराच्या टोकाला गाठ,
बोटीवरची, तीन वेढ्यांची,
गळ्यात माळ घालावी तशी ऐसपैस.

परवा पावणीला कासियान कारकून आला, फळ्या मोजायला.
चष्मा कपाळावर चढवून
गाठ उलटसुलट बघत राहिला.
"ही कुणी मारली?"
मी, म्हटलं.
खोटं नव्हतं ते.
"मग सोडून दाखव."