शोलापूरचा सातवा लॉर्ड

लंडनच्या वकिलाचं पत्र चर्चच्या पत्त्यावर आलं.
पाद्रीबाबांनी ते माझ्याकडे धाडलं,
कारण जुन्या गोऱ्या कबरस्तानाच्या वह्या
अकरा वर्षं मीच नकलून काढते आहे,
पानाला बारा रुपये, वाळवीने खाल्लेलं पान असेल तर पंधरा.

पत्रात एक किताब होता :
बॅरन थ्रॅकबी, शोलापूरचे.
शहामृगातला श.
त्या श-चं गाव मी कधी पाहिलेलं नाही,
मी राहते स-मध्ये, साखर पेठेत, यंत्रमागाच्या वर.

पहिल्याने इथल्या गिरणीत पैसा घातला,
दुष्काळात खडी फोडणाऱ्यांची मजुरी पैशाने उतरवली,
आणि तिकडे राणीने त्याला आमच्या गावाचं नाव देऊन टाकलं.
आहेर द्यावा तसं. दुसऱ्याच्या घरातला.

दुसरा, त्याचा थोरला, घोड्यावरून पडला.
तिसरा, थोरल्याचा एकुलता, फ्रान्सच्या चिखलात राहिला.
मग किताब चुलत अंगाला वळला :
चौथ्याला तीन मुली,
म्हणजे वकिलाच्या हिशेबी कोणीच नाही,
म्हणून पाचवा, चौथ्याचा भाऊ, केनियात मेंढ्या राखणारा,
आणि सहावा, त्याचा मुलगा,
मागच्या नोव्हेंबरात वृद्धाश्रमात गेला. अविवाहित.
सहा जणांत शोलापूर पाहिलेला एकच.

आता उरली तिसऱ्या मुलाची फांदी,
एडमंड, जो परत गेला नाही.
त्याला औरस पुरुष वारस होता का, कृपया कळवावे.

सापडला. १९१२, ऑगस्ट. विणाई मास्तर. वय एकतीस. पटकी.
पत्नीचा रकाना कोरा.
बाप्तिस्म्याच्या वहीत मात्र, जांभळ्या शाईत, तिरकं :
रोज. बाप एडमंड. आई यल्लव्वा, कांड्या भरणारी.
औरस नाही. पुरुष नाही.
दोन शब्दांत दोन्हीकडून बाद.

पेठेत एक घर आहे, त्यांना लाट म्हणतात.
पोरगा रिक्षा चालवतो, चौकात हाक येते, का बे लाट, जुळे सोलापूर येतो का?
घाऱ्या डोळ्यांचं मला सांगू नका, गावात घारे डोळे शंभर.
त्याची पणजी कोण, मी विचारलं नाही.
विचारायला गेले होते. चहा पिऊन आले.

आमचं मीटर अजून राजय्या लक्ष्मय्या येमूल,
आजोबा, वारले एकोणऐंशी साली.
दर महिन्याला बिल त्यांच्या नावाने येतं, वेळेवर भरतात बिचारे.
नायना गेल्यावर चार माग मी चालवले,
भाऊ हैदराबादला, तरी ऑफिसात म्हणाले,
बाई, भावाचं ना हरकत आणा.
तीन वर्षं झाली. भाऊ म्हणतो, पाठवतो.

वकिलाला लिहिलं :
औरस पुरुष वारस, नोंद नाही.
सही, अनसूया येमूल.
पाकीट चिकटवलं, परत फोडलं,
खाली एक ओळ घातली, त्यांनी न विचारलेली :
मुलगी होती. नाव रोज. पुढचं पान फाटलेलं आहे.

मग खाली आले. तिसऱ्या मागावर
सूत तुटलं होतं, आणि माग तसाच
रिकामा खडखडत होता, कधीपासून कोण जाणे.